ब्रेकवरचा आवाज

गोळी जिभेखाली ठेवली की ती विरघळेपर्यंत गिळायचं नाही, उठायचं नाही आणि बोलायचं तर मुळीच नाही, असा आरोग्य केंद्राचा नियम होता. बाकीच्यांसाठी तो नियम होता. भोंग्यासाठी ती शिक्षाच होती.

भोंगा हे काही त्याचं पाळण्यातलं नाव नव्हे. विहिरी खोदणाऱ्या टोळीनं ते ठेवलं होतं आणि इतकं चपखल ठेवलं होतं की त्याची आईसुद्धा चिडली की त्याच नावानं हाक मारायची. हा माणूस झोपेतही बोलायचा. सोबतीला कुणी नसलं तर फावड्याशी बोलायचा. असा माणूस रोज सकाळी केंद्राच्या व्हरांड्यातल्या बाकावर तोंड मिटून बसायचा. समोर खुर्चीवर सिस्टर बसायच्या आणि त्याच्या गालाकडे बघत राहायच्या. कुणी औषध गालात लपवून बाहेर नेऊ नये, विकू नये, म्हणून हा पहारा. शेजारी ट्रकवरचा हमाल आणि खाणीतला दगडफोड्या, तेही तसेच गप्प. रस्त्यानं जाणारे विचारायचे, "काय, मौन धरलंय वाटतं?" भोंगा हातवारे करून उत्तर द्यायला लागला की सिस्टर म्हणायच्या, "हातानंही बोलू नका. हातामागं तोंड हलतं तुमचं."

मग तो जीभ वर उचलून दाखवायचा, सिस्टर मान हलवायच्या आणि तुंबलेलं सगळं एकदम बाहेर यायचं. "सिस्टर, ती भिंतीवरची पाल दोनदा त्या किड्यापर्यंत गेली आणि दोनदा मागं फिरली. तिला म्हणावं, खायचं तर खा, नाहीतर त्याला जाऊ दे. आणि तुमच्या पंख्याचं एक पातं वाकडं आहे, मी सरळ करून देतो..."

"आधी कामाला जा," सिस्टर म्हणायच्या. पण त्या हसायच्या, आणि भोंग्याला तेवढं पुरायचं.

आदल्या साली सिस्टर कामाकामावर फिरल्या होत्या. खाणीत, ट्रकच्या अड्ड्यावर, विहिरींवर. कोण अंगदुखीची कोणती गोळी खातो, कधीपासून, आणि एक दिवस नाही मिळाली तर काय होतं, एवढंच विचारायच्या. नाव विचारायच्या नाहीत. लोक आधी बिचकले. "पोलिसांत देणार का बाई?" सिस्टर म्हणाल्या, "पोलिसांत द्यायचं असतं तर इथं दगडावर बसून तुमचा काळा चहा प्यायले असते का?" हळूहळू माणसं बोलायला लागली. कंबर दुखते म्हणून एक, मग दोन, मग मूठभर. दुकानात सुट्या मिळायच्या. नाही खाल्ल्या तर नाक गळायचं, हाडं ठणकायची, झोप उडायची, आणि खाल्ल्या की डोळे मिटायचे. सिस्टरांनी हे सगळं वर कळवलं. मागाहून केंद्रात ती गोळी सोडवायचं औषध आलं, लघवी तपासायच्या पट्ट्या आल्या आणि व्हरांड्यात बाक आला.

भोंगा त्या बाकावर आला, पण आधी नुकसान होऊन गेलं होतं.

विहिरीवर ओझं चढवा-उतरवायची यारी असते. तारेचा दोर, दोराला लोखंडी डोल. डोलीतून फोडलेला दगड, डबर, वर येतो आणि माणसं खाली जातात. यारीचा ब्रेक ज्याच्या हातात, त्याच्या हातात खालच्यांचा जीव. म्हणून टोळीची एक जुनी रीत होती: डोल माणूस घेऊन निघाली की ब्रेकवाल्यानं तोंड चालू ठेवायचं. काय बोलतो त्याला महत्त्व नाही. गाणं म्हण, शिव्या दे, भाव सांग. आवाज येतोय म्हणजे तो जागा आहे. खाली उतरणारा अंधारात त्या आवाजाला धरून असायचा. भोंग्याला ब्रेक मिळाला तो याच गुणावर, आणि कितीतरी वर्षं त्याच्या बडबडीवर माणसं बिनघोर खाली गेली.

मग कंबर, मग गोळ्या. एक दिवस मुकादम स्वतः डोलीत होता. वरचा आवाज मध्येच जड झाला, अडखळला आणि थांबला. डोल माणसाच्या उंचीएवढी, परसभर सुटली. मुकादम जिवानिशी वाचला, पण डावा घोटा कायमचा वाकडा झाला.

त्यानं भोंग्याला हाकलला नाही. "डबर भर," एवढंच म्हणाला. ब्रेक गेला तो भोंग्याच्या बायकोकडे, कारण इतकी वर्षं नवऱ्याला भाकरतुकडा द्यायला यायची तेव्हा नुसतं बघून बघून तिला यारीची नस कळली होती. हात तिचा नवऱ्यापेक्षाही हलका. पण ती जात्याच अबोल. दिवसभर बोलत राहायचं म्हणजे तिला संकट. सुरुवातीला ती घरातली भांडी आठवून आठवून मोठ्यानं सांगायची: "तपेली, पातेलं, झाकणी, मोठी कळशी, तिला पोचा आहे..." खालून माणसं ओरडायची, "वहिनी, झाकणी दोनदा झाली!" संध्याकाळी तिचा घसा बसलेला असायचा. ती नवऱ्याला म्हणायची, "तुम्ही हे फुकटात कसं करता हो?"

त्या साली पाणी खोल गेलं होतं. जिकडंतिकडं विहिरी आणखी खाली न्यायचं काम. टोळीला उसंत नव्हती. भोंगा उन्हात डबर भरायचा, घमेलं डोक्यावर घेऊन ढिगापर्यंत जायचा आणि परत यायचा. कंबरेला पट्टा बांधायचा, दुपारी सिस्टरांनी शिकवलेला व्यायाम सगळ्यांदेखत जमिनीवर पालथा पडून करायचा. "बघा, मगर उन्हाला आली," कुणीतरी म्हणायचं. तो हसायचा. पण यारीकडे बघायचं झालं की तो हसायचा नाही. बायको ब्रेकवर उभी राहून भांडी मोजत असायची आणि हा ऐकत असायचा. आपलं काम दुसरा करतोय आणि बरं करतोय, हे बघणं सोपं नसतं. त्याला लाज वाटायची आणि तिचा अभिमानही वाटायचा, आणि दोन्ही एकदम वाटलं की तो घमेलं जरा जास्तच भरायचा.

मुकादमानं अट घातली होती. "सिस्टरांची शेवटची तपासणी माझ्यासमोर होऊ दे. साफ निघाली तर ब्रेक देईन. पण डोलीत बसायला कुणी तयार व्हायला हवं, त्याची जबरदस्ती मी करणार नाही."

घरी तिसरं माणूस म्हणजे आई. भोंग्याची आई म्हणजे तोंडानं फटकळ आणि कामाला वाघ. सून यारीवर जायला लागल्यापासून पाण्याचं तिनं अंगावर घेतलं होतं. टँकर गावाबाहेर थांबायचा. म्हाताऱ्या बायका पहाटेपासून हंड्यांची रांग धरून बसायच्या. कारण जवान माणसं कामावर. गुडघे बोलायला लागले, तरी आई हंडा सोडायची नाही. आणि मुलाला टोचायची संधीही सोडायची नाही. "माझ्याकडे बघ. या वयात हंडा वाहते. कधी गोळीला शिवले का? तुझी कंबर ती कंबर आणि आमचे काय दगडाचे खांब?"

भोंगा निमूट ऐकायचा. जगात दोनच ठिकाणी तो निमूट बसायचा, केंद्राच्या बाकावर आणि आईपुढं.

तपासणी जवळ आली आणि आईची झोप उडाली. वरून ती तोंडानं तोफा डागायची, पण आत तिचा जीव टांगलेला होता. मुलाचा ब्रेक गेला त्या दिवशी तो घरी येऊन भिंतीकडे तोंड करून बसला होता, एक शब्द न बोलता. ते मुकेपण तिनं पुन्हा बघितलं असतं तर ती मेली असती. आणि नेमकं तपासणीच्या आदल्या दुपारी, सरपणाच्या ढिगामागं, इकडंतिकडं बघून भोंग्यानं खिशातून काहीतरी काढलं आणि चटकन तोंडात टाकलं. आई न्हाणीच्या दारात होती. तिच्या हातातला तांब्या तसाच राहिला.

ती कुणाला काही बोलली नाही, आणि तिच्या बाबतीत ही गोष्टच वाईट होती.

केंद्राचा संडास त्या दिवसांत कुलूपबंद होता, पाणीच नव्हतं. एरवी सिस्टर बाटली तिथंच भरून घ्यायच्या. या खेपेला त्यांनी बाटल्या घरी दिल्या. "सकाळची पहिली भरून आणा. सरळ माझ्याकडे." भोंग्यानं सकाळी बाटली भरली, न्हाणीच्या कट्ट्यावर ठेवली आणि मुकादमापुढं जायचं म्हणून दाढी करायला बसला. दाढी करता करता तो आरशाशी बोलत होता. आईला तेवढा वेळ पुष्कळ होता.

केंद्रात मुकादम आधीच येऊन बसला होता. भोंग्याची बायको धुतलेलं लुगडं नेसून दाराशी उभी होती. आई काठी टेकत मागून आली आणि पायरीवर बसली. सिस्टरांनी दोन पट्ट्या काढल्या आणि मुकादमाला समजावून सांगितलं. "ही एक आमच्या औषधाची. हिच्यावर खूण यायलाच हवी, कारण ते रोज घेतात. ही दुसरी दुकानातल्या गोळीची. हिच्यावर येता कामा नये."

पट्ट्या बुडवल्या. सगळे वाकले. सिस्टरांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला.

"काय झालं?" मुकादमानं विचारलं.

"उलटं आलंय. औषध नाही, आणि ती गोळी आहे."

बायकोनं नवऱ्याकडे बघितलं.  भोंग्याच्या कानशिलाशी साबणाचा फेस राहिला होता. त्यानं तो बाहीनं पुसला.

"पण औषध तर रोज माझ्यासमोर घेतलंय," सिस्टर सावकाश म्हणाल्या. "ते इथं दिसायलाच हवं होतं. म्हणजे ही बाटली यांची नाही. दुसऱ्या कुणाची आहे."

"म्हणजे लबाडी," मुकादम म्हणाला. तो रागावला नव्हता. रागावला असता तर बरं झालं असतं. त्यानं नुसता आपला वाकडा पाय सरळ केला आणि उठायला लागला. "गोळी खाल्ली असती तरी मी थांबलो असतो रे. पुन्हा महिना थांबलो असतो. पण लबाडी करणाऱ्याच्या हातात मी माणसं कशी देऊ?"

"मुकादम, मी..." भोंगा म्हणाला, आणि त्यापुढं त्याला शब्द सापडेना. 

"बस खाली मुकादमा," पायरीवरून आवाज आला. आई काठीवर जोर देऊन उठली. "त्याला बोलायचं नाही. बाटली मी बदलली."

"आई!" सून म्हणाली.

"आई काय, आई? काल सरपणामागं याला गोळी तोंडात टाकताना बघितलं मी या डोळ्यांनी! मग काय करू? ओतून दिली याची आणि भरली दुसरी."

सगळ्यांची तोंडं भोंग्याकडे वळली. त्याचा चेहरा कानापर्यंत लाल झाला. त्यानं शर्टाच्या खिशात हात घातला आणि सिस्टरांच्या टेबलावर मूठ उघडली. लिमलेटच्या गोळ्या होत्या, नारिंगी, एकमेकींना चिकटलेल्या, एकीला विडीचा चुरा लागलेला.

"तुमचं औषध कडू लागतं, सिस्टर," तो पुटपुटला. "दिवसभर तोंड कडूजहर. आता बाप्या माणूस लिमलेट चोखतो म्हटल्यावर टोळीवाले जगू देतील का? म्हणून लपून खातो."

मुकादमानं आधी तोंडावर हात धरला. मग त्याला आवरेना. बायको हसली, इतक्या मोठ्यानं की स्वतःच दचकली. आईसुद्धा हसायला लागली आणि हसता हसता मुलाच्या पाठीत एक रट्टा घालून म्हणाली, "मेल्या, जीव घेतलास की माझा!"

फक्त सिस्टर हसल्या नाहीत. त्या पट्टीकडे बघत होत्या.

"आजी," त्यांनी मऊ आवाजात विचारलं, "बाटलीत भरली ती कुणाची?"

"कुणाची म्हणजे? माझी! शेजारणीकडे मागायला जाऊ का? मी म्हातारी, सुपारीचं खांडही न खाणारी. माझ्यात काय निघणार?"

 टेबलावर पट्टी तशीच होती.

"गुडघ्यांना काही घेता का, आजी?"

"घेते की. ते काय व्यसन आहे? दुकानदारानं दिलेलं औषध आहे." आईनं कनवटीची पुरचुंडी सोडली. वर्तमानपत्राच्या कागदात अर्धी हिरवी, अर्धी पिवळी अशा गोळ्या होत्या. "हंडा उचलायच्या आधी एक. हल्ली घरी आल्यावर एक. आणि रात्री अंग फारच मोडलं तर."

भोंग्यानं त्या बघितल्या. त्याला हातात घ्यायचीही गरज नव्हती. "आई," तो म्हणाला, "हीच गं ती."

आईला आधी कळलं नाही. मग कळलं. ती खुर्ची न बघताच खाली बसली, सरळ फरशीवर, आणि पदर तोंडाला लावला. "मी तुला काय काय बोलले रे," ती म्हणाली. "रोज बोलले. गोळी खाऊन बोलले."

भोंगा तिच्याशेजारी फरशीवर बसला. त्याला रडू आलं आणि त्यानं ते लपवलं नाही. "तुला कुणी सांगितलं नव्हतं. मला तरी कुठं सांगितलं होतं?"

"एखादा दिवस मिळाली नाही तर काय होतं, आजी?" सिस्टरांनी विचारलं.

"नाक गळतं. अंगात कापरं भरतं. मला वाटायचं पहाटेची थंडी बाधते."

सिस्टरांनी चष्मा टेबलावर ठेवला. "मी खाणीत गेले, अड्ड्यावर गेले, विहिरीवर गेले. टँकरच्या रांगेत एकदाही उभी राहिले नाही. काम करतो तो बाप्या, असंच धरून चालले. आणि बाटल्या घरी दिल्या, तीही चूक माझीच." मग त्या उठल्या, आपल्या पिण्याच्या पाण्याची कळशी उचलली आणि संडासाचं कुलूप काढलं. "चला, पुन्हा भरा. आत्ता."

मुकादम लंगडत जाऊन दाराबाहेर उभा राहिला. आत बराच वेळ शांतता.

"काय रे?"

"मुकादम, तुम्ही बाहेर असलात की होत नाही. लहानपणी आमच्या मास्तरांचं असंच होतं, ते एकदा..."

"बोलू नकोस! काम कर!"

दुसऱ्या खेपेला पट्ट्या जशा यायला हव्या तशाच आल्या. मुकादमानं त्या स्वतः उन्हाला धरून बघितल्या, काही कळत नसताना.

आईला औषधाच्या बाकावर बसावं लागलं नाही. आठवड्याला येणाऱ्या डॉक्टरांनी गुडघे दाबून बघितले, गोळी एकदम बंद करायची नाही म्हणून बजावलं आणि हळूहळू कशी उतरवायची ते सिस्टरांवर सोपवलं. हंडा बंद झाला. पाणी आता भोंगा कामावर जायच्या आधी आणायला लागला, रांगेतल्या बायकांशी तोंड भरभरून बोलत. आई काही दिवस घरातच राहिली. लाजली होती. आयुष्यभर दुसऱ्याची उणीदुणी काढणाऱ्या माणसाला स्वतःचं उणं निघालं की चव्हाट्यावर जायला नको वाटतं. मग एका पहाटे तीच काठी घेऊन निघाली आणि वाटेत सिस्टरांना हाक मारून बरोबर घेतलं. "तुम्हाला एकटीला कुणी सांगायची नाही. तोंडाला कुलूप लावतील. चला."

रांगेपुढं उभी राहून ती खणखणीत आवाजात म्हणाली, "बायांनो, मी पकडले गेले. आता तुमच्या कनवटीला काय आहे ते दाखवा या बाईला. नाव घेत नाही ती कुणाचं." कुणीतरी खुदकन हसलं. मग एका हंड्याआडून एक पुरचुंडी पुढं आली, मग दुसरी. सिस्टर हंड्यांच्या मध्ये मातीत मांडी घालून बसल्या, आणि टँकर येऊन गेला तरी उठल्या नाहीत.

पुढं एका सकाळी बाकावरून उठून भोंगा विहिरीवर गेला, तेव्हा मुकादमानं त्याच्या हातातलं फावडं काढून घेतलं आणि यारीकडे मान वळवली.

"कोण बसतंय?" मुकादमानं टोळीला विचारलं.

माणसं वाईट नव्हती. पण एकाला बूट घट्ट करायचे आठवले, एकाला पहार कुठं ठेवली ते आठवेना. भोंगा ब्रेकला हात न लावता उभा राहिला. कुणाकडे बघायची त्याची हिंमत नव्हती.

बायकोनं ब्रेकचा दांडा त्याच्या हातात दिला. पदर खोचला. आजवर तिनं सगळ्यांना खाली सोडलं होतं, स्वतः कधी उतरली नव्हती. ती डोलीत चढली, तार धरली आणि म्हणाली, "सोडा."

डोल काठावरून सुटून मध्ये लोंबली. भोंग्याच्या हाताची बोटं पांढरी पडली होती. दात आवळलेले. 

"अहो," डोलीतून ती म्हणाली, "गोळी अजून जिभेखालीच आहे का? बोला की."

"काय बोलू?"

"आता तेही मीच सांगू?"

 "ती पाल," तो म्हणाला. आवाज आधी घोगरा निघाला. "केंद्रातली. तिनं आज किडा खाल्ला. तिसऱ्या खेपेला. मी म्हटलं शाब्बास, म्हणजे म्हटलं नाही, तोंड बंद होतं, मनात म्हटलं. आता डाव्या हाताला कपार येईल, कोपर आत घे. आली ना? आणि आई आज काय म्हणाली माहीतय का..."

डोल उतरत गेली. वरचं आभाळ परातीएवढं झालं, मग ताटलीएवढं. अंग गार पडलं, ओल्या दगडाचा वास आला. तिला भीती वाटत होती, पण आवाज वरून येत होता, मधे कुठं न तुटता, आईचं, पंख्याच्या पात्याचं, शेजारच्या कोंबडीचं सांगत. इतकी वर्षं ज्या बडबडीनं तिचं डोकं उठायचं, ती तिला त्या अंधारात फार बरी वाटली. डोल तळाला इतकी अलगद टेकली की पाय चिखलात रुतले तेव्हाच तिला कळलं.

"टेकले!" ती ओरडली. डोल टेकली की ब्रेकवाल्यानं गप्प व्हायला हरकत नसते.

"कळलं! हळू टेकली ना? पाण्याचा पाझर आहे का गं? नसला तर उजवीकडं बघ, मी नेहमी म्हणायचो उजवीकडं..."

"आहे हो! थांबा आता, घसा बसेल!"

"बोलू दे त्याला," मुकादम वरून म्हणाला. रिकामी डोल वर आली तेव्हा तो वाकडा पाय ओढत सगळ्यांच्या पुढं गेला आणि आत चढून बसला.